ठिगळांच्या खुणा

नाना, आज अवसरीला माझ्या वर्गात एका मुलीने तुमच्या लेकीचीच चूक केली. मी फळ्यावर लाटेसारखी रेघ काढून विचारलं, पुन्हा पुन्हा तेच येतंय म्हणजे फलन आवर्ती आहे, पण एक आवर्तन संपतं कुठे? अक्षावरून निघालेली रेघ जिथे पहिल्यांदा परत अक्षाला टेकते, तिथे तिने बोट ठेवलं. मला हसू आलं, आणि बघता बघता मी आपल्या निमगावात, बारावीच्या बाकावर जाऊन बसले.

तुम्ही फळ्याशी उभे आहात. घरी नाना, वर्गात सर. माझं बोट बघून म्हणता, "अक्षाला टेकली म्हंजे माघारी आली व्हय? निघाली तवा चढत व्हती, इथं उतरतीय. चावडीशी आलं म्हंजे घरी पोचलं का?" सगळा वर्ग हसला. मला तुमचा भयंकर राग आला. संध्याकाळी चुलीपुढे आईला सांगून टाकलं, गणित सोडते, आर्ट्सला जाते. आई भाकरी थापत राहिली, तुम्ही जेवून उठलात. खरं तर गणिताशिवाय मला दुसरं काहीच आवडत नव्हतं, आणि ते तुम्हाला ठाऊक होतं.

सकाळी मला गल्लीत बोलावून तुम्ही सायकल ढकलत नेलीत. मागच्या टायरला दोन ठिगळं, एक रुंद, एक अरुंद. फुफाट्यात खुणा उठत गेल्या.

"आता सांग, चाकाचा फेरा कुठं पुरा व्हतो?"

मी रुंद खुणेपासून निघाले, अरुंद ओलांडली आणि पुढच्या रुंद खुणेवर थांबले.

"आन् अरुंदापासून धरलं तर?"

चालून पाहिलं. तेवढंच अंतर.

"कुठूनबी धर, फेरा तेवढाच. फकस्त निघालीस तशीच पोचली पायजे."

चहा गार होतोय म्हणत आत गेलात. मीही गणिताची वही घेऊन दप्तर उचललं.

त्यानंतर बाहेरून आले की मी आधी दारातला फुफाटा बघायची. रुंद, अरुंद, रुंद दिसलं की नाना घरात. आता गल्लीत सिमेंट झालंय आणि तुम्ही गेल्यापासून सायकल गोठ्यात टांगलीय. मुलांना सांगते, आवर्ती फलन असंच चालत राहतं, त्याला शेवट नाही. बोलताना ते अगदी खरं वाटतं.

हा कागद कुठे पाठवायचा नाही, म्हणून सांगते. गावी आले की अजून मी दारात थबकून खाली बघते. परवा आईने विचारलं, "काय पडलं का गं?"

म्हटलं, "न्हाई, काय न्हाई."