बँड कुणासाठी सोडला

तोआ पायोह,
९ सप्टेंबर २०१८

प्रिय ऋग्वेदा,

तू शाळेच्या बँडच्या सरावाला गेलीस आणि मी जेवणाच्या टेबलावर कागद घेऊन बसलो. तोंडाने सांगायला गेलो तर मी मध्येच विषय बदलेन, एवढं मी स्वतःला ओळखतो. शाळेत हिंदी घेतलंस, त्यामुळे अक्षरं वाचता येतील; एखादा शब्द अडला तर आईला विचार. तिला मी काल सगळं सांगितलंय.

आमचा ‘चौथा मजला’ बँड तुला आठवत असेल. सेम्बावांगच्या एका इंडस्ट्रियल इमारतीत, खरोखरच चौथ्या मजल्यावर आमची सरावाची खोली होती. प्रबोधकाका गायचा, संजीवकाका ड्रम्सवर, कमलाकरकाका बेसवर आणि मी लीड गिटार. चौघंही पुण्यामुंबईचे इंजिनिअर, आठवडाभर कोड लिहायचे आणि शनिवारी मराठी रॉक वाजवायचे. तू आठ वर्षांची होतीस. कानांवर मोठाले हेडफोन चढवून संजीवच्या ड्रम्सजवळ बसायचीस आणि हेडफोन मध्येच काढतेस म्हणून आईचा ओरडा खायचीस. सुरुवातीला आम्हाला ऐकायला फक्त आमची बायकामुलं असायची. २०१३ पर्यंत तांजोंग पगारच्या बारमध्ये लोक जिन्यात उभं राहून ऐकायला लागले. गाण्याच्या मध्यावर प्रबोध मागे सरायचा आणि पुढची दोन मिनिटं माझी असायची. त्या दोन मिनिटांत मला जे मिळायचं ते पुन्हा कुठेच मिळालं नाही. तुला वाईट वाटावं म्हणून लिहीत नाही. हेही खरं आहे, म्हणून लिहितो.

त्याच वर्षाच्या शेवटी माझ्या डाव्या हाताची करंगळी आणि शेजारचं बोट ऐकेनासं झालं. तारांवर ठेवलं की आपोआप आत वळायचं. मी सराव वाढवला, तसं ते आणखी बिघडलं. डॉक्टर म्हणाले, हात कमजोर नाही, मेंदूकडून बोटांना जाणारा निरोप चुकतोय. टायपिंग जमेल, भाजी चिरता येईल, फक्त गिटार वाजवताना असं होईल. बरं होईलच असं त्यांनी सांगितलं नाही. मी कुणालाही काही बोललो नाही. सगळे सोलो उरलेल्या दोन बोटांवर बसवले आणि पुढचे चार महिने रेटले.

मार्च २०१४ चा आमचा सगळ्यात मोठा कार्यक्रम तुला आठवतो का, माहीत नाही. दुसऱ्याच गाण्यात माझे हात थांबले. प्रबोधने माझ्याकडे पाहिलं आणि माझा सोलो तोंडाने गाऊन टाकला. लोकांना वाटलं, तसंच बसवलंय. टाळ्या पडल्या. मला त्या टाळ्या सहन झाल्या नाहीत. पुढच्या महिन्यात मलेशियाचा दौरा होता, मग अल्बम. दुसऱ्या दिवशी मी तिघांना सांगितलं की ऋग्वेदाची यंदा पीएसएलई, म्हणजे सहावीची बोर्डाची परीक्षा आहे, मला घरी थांबायला हवं, मी बँड सोडतोय. तोपर्यंत तुझ्या परीक्षेचा विचारही माझ्या डोक्यात आला नव्हता. प्रबोध एवढंच म्हणाला, “पोरीसाठी सोडतोयस, मग आम्ही काय बोलणार?”

ते कारण सगळ्यांना पटलं. पुण्याहून आजीचा फोन आला, तिने किती कौतुक केलं. ऑफिसातल्या स्मिताने आपल्या नवऱ्याला माझं उदाहरण दिलं. मला ते आवडू लागलं, ऋगू. हात गेलेला गिटारिस्ट होण्यापेक्षा त्याग केलेला बाप होणं सोपं होतं. हळूहळू मीही तेच खरं मानायला लागलो. त्यांनी दुसरा गिटारिस्ट घेतला, अल्बम केला. मी तो एकदाही ऐकला नाही.

नोव्हेंबरात तुझा निकाल लागला. गुण चांगले होते, आईला अपेक्षा होती त्याहून थोडे कमी, इतकंच. तू तुझ्या खोलीत रडत होतीस. मी आत आलो तर म्हणालीस, “सॉरी बाबा, तू एवढं सोडलंस आणि मी एवढेच आणले.” बारा वर्षांची होतीस. खरं सांगायची ती वेळ होती. मी तुझ्या डोक्यावर हात ठेवला, काही हरकत नाही म्हणालो आणि तुला माफ केल्यासारखा बाहेर आलो. आजवर मी केलेली सगळ्यात वाईट गोष्ट हीच असावी.

काल प्रबोधला फोन करून हे सगळं सांगितलं. तो म्हणाला, “सांगायचं होतंस रे. आम्ही थांबलो असतो.”

परवा तू स्वयंपाकघरात आईला सांगत होतीस, ते मी बाहेरून ऐकलं. संगीताच्या डिप्लोमाला तुझी निवड झालीय, आणि तू नकार देणार आहेस. “बाबाने माझ्यासाठी बँड सोडला, आई. मी आता ड्रम्स घेऊन कशी बसू? अकाउंटन्सी घेते, इट्स ओके लाह.” हे पत्र त्यासाठी आहे. मी तुझ्यासाठी काहीही सोडलेलं नाही. तू माझं काहीही देणं लागत नाहीस. अकाउंटन्सी तुला मनापासून आवडत असेल तर जरूर घे, मी खूश असेन. पण शुक्रवारी उत्तर पाठवशील ते तुझ्या हातांकडे बघून पाठव, माझ्या हातांकडे बघून नको.

तुझाच, चार वर्षं उशीर केलेला,
बाबा