ट्रायलला राहिलेला जनरलसाहेबांचा कोट

मी, भानुदास केशव पोरे, वय वर्षं ऐंशी, धंदा मिलिटरी शिवणकाम (बंद), मूळ राहणार पुणे कॅम्प, हल्ली मुक्काम मुलाकडे, प्लेनो, टेक्सास, हे स्वखुशीने लिहून ठेवतो. डोकं ठिकाणावर आहे. डावा हात झटक्यापासून नाही, पण लिहितो मी उजव्याने. कोणीही दबाव आणलेला नाही. सूनबाई सुवर्णा मधे एकदा बीपीची गोळी घेऊन आली, तेवढंच.

दोन वर्षांपूर्वीचं माझं मृत्युपत्र रद्द समजावं. त्यात माझ्या कपाटातला खाकी कोट मेजर जनरल पेनवेल, राहणार इंग्लंड, यांना दिला होता. साहेब गेल्या फेब्रुवारीत वारले. आता तो कोट कोणाचा, एवढ्यासाठीच हा खटाटोप. बाकीचं आधी उरकतो.

एक. पुण्याचं दुकान माझा कारागीर गुरुदत्त याला द्यावं. तीस वर्षं त्याने माझी बोलणी खाल्ली आहेत. समोरच्या दुकानवाल्याला मात्र कोणत्याही भावात विकू नये. "पोऱ्यांच्या कोटाचा खांदा पडतो," असं तो भर रस्त्यात बोलला होता. ते खरं होतं, म्हणूनच विकू नये.

दोन. वडिलांची मोठी कात्री नात पायलला. शाळेच्या प्रोजेक्टसाठी तिने त्या कात्रीने पुठ्ठा कापला. मी ओरडलो तर म्हणते, "आजोबा, इट्स जस्ट अ सिझर!" बाळ, ती कात्री आहे. तिने कापड कापायचं.

तीन. कोट. इथे जरा सविस्तर लिहितो, मुलाने, रवींद्रने, कंटाळू नये.

पेनवेलसाहेब छत्तीस साली दुकानात आले तेव्हा बावीस वर्षांचे होते, खांद्यावर एक तारा. छाती चौतीस, कंबर अठ्ठावीस, आणि मापाला उभे राहिले की श्वास रोखायचे. मी वीस वर्षांचा. "श्वास सोडा, साहेब," हे माझं त्यांच्याशी पहिलं बोलणं. पुढे तीन तारे झाले, कॅप्टन. ब्रह्मदेशातून परतले ते मेजर होऊन. खांद्यावर मुकुट आला आणि तापाने कंबर तीन इंच गेली. सत्तेचाळीसला निघताना म्हणाले, "माप तुझ्या वहीत आहेच, पोरे." नंतर मलाया, जर्मनी, कुठून कुठून पत्रं यायची. कर्नल झालो, कोट पाठव. ब्रिगेडियर झालो, कोट पाठव. लोकांनी त्यांची बढती पेपरात वाचली असेल, मी ती कापडावर मोजली. छाती पसरत गेली तशी पत्रातला मजकूर आखडत गेला.

एका पत्रात होतं, "जीप उलटली. जीप गेली, मी राहिलो." मी हसलो आणि पत्र ठेवून दिलं.

एकसष्टला ते मेजर जनरल झाले. माझे वडील सांगायचे, जिवंत माणसाचं माप दर खेपेला नव्याने घ्यायचं. मी मस्तीत होतो. वही उघडली, छाती-कंबर पत्रातली घेतली, खांदा जुनाच धरला आणि कापलं. नाताळात परेडचा फोटो आला. जीपने साहेबांचा डावा खांदा सव्वा इंच खाली आणला होता, आणि माझा कोट त्या बाजूला रिकामा लोंबत होता. जनरलसाहेब, हजार माणसांसमोर! मला तीन दिवस जेवण गेलं नाही. पत्रात मात्र एवढंच, "कोट नेहमीसारखा उत्तम."

मग फोटोवरून दुसरा कोट कापला, खांदा उतरता. पण कच्च्या टाक्यांवरच ठेवला. कळवलं, "ट्रायलला या." उत्तर आलं, "येईन." त्या एका शब्दावर मी पस्तीस वर्षं काढली. कोट इथे प्लेनोलाही आणला. सुवर्णाने तो एकदा ड्रायक्लीनिंगला द्यायला काढला, तेव्हा मी नाइटड्रेसवर तिच्या गाडीमागे धावलो होतो. तिला माफ केलं आहे.

इथल्या दुपारी फार लांब असतात. सगळे ऑफिसला, शाळेला. बाहेर नुसतं आभाळ. मी खुर्चीत डुलकी घेतो आणि मागच्या पॅटिओचं काचेचं दार सरकतं. साहेब आत येतात. कधी बावीस वर्षांचे, कधी पिकल्या मिशांचे, कधी दोन्ही एकदम. हात अंगापासून जरा दूर धरून उभे राहतात. मी टेप लावतो आणि आकडा वाचायच्या आत जागा होतो. टेप खरोखर माझ्या हातात असते. कधी घेतली, मला आठवत नाही.

एप्रिलमध्ये त्यांच्या मुलीचं पत्र आलं. साहेबांना त्यांच्या इच्छेप्रमाणे एकसष्टच्याच कोटात पुरलं. ती लिहिते, "खांदा दुरुस्त करून घ्या म्हटलं की बाबा चिडायचे. म्हणायचे, पुण्याच्या त्या शिंप्याच्या वहीत मी अजून सरळ उभा आहे." मी ते पत्र रवींद्रकडून चारदा वाचून घेतलं. जिची मला आयुष्यभर लाज वाटली, ती चूक साहेब हौसेने अंगावर घालत होते. मी रडलो. इथे लिहून ठेवायला हरकत नाही.

त्या संध्याकाळी रवींद्र कपाटातला तो कोट घेऊन आला. म्हणाला, "बाबा, आयुष्यभर त्या इंग्रजाला मोजलंत. माझं माप कधी घेतलंत? मी अमेरिकेला रेडीमेड कोटात आलो." त्याने मला हाताला धरून उठवलं आणि कोट माझ्या अंगावर चढवला. गेल्या वर्षीच्या झटक्याने माझा डावा खांदा उतरलाय. कोट तिथे तंतोतंत बसला. पोट तेवढं साहेबांचं, चार बोटं ढिलं. आम्ही दोघंही आरशात बघत राहिलो. दुसऱ्या दिवशी मी रवींद्रचं माप घेतलं, एका हाताने, टेपचं दुसरं टोक पायलने धरलं. वहीत साहेबांच्या पुढचं पान त्याचं आहे. शिवणं आता माझ्याच्याने होणार नाही. त्याचा कोट गुरुदत्तने शिवावा, पण खांदा पुन्हा मोजून.

सबब, खाकी कोट माझा. त्यावर तारा, तलवार काही लावू नये, साधी बटणं पुरेत. मला त्यातच अग्नी द्यावा. कच्चे टाके रवींद्रनेच उसवावेत आणि पोटाला कोट त्यानेच आत घ्यावा; वाकडं शिवलं तरी चालेल. मात्र आधी माझं माप नव्याने घ्यावं. आजारात मी उतरलो असेन, वहीवर जाऊ नये. घाबरू नकोस, रवी. एरवी गिऱ्हाइकाला श्वास सोडा म्हणून सांगावं लागतं. मला सांगावं लागणार नाही.

वरील मजकूर मी शुद्धीवर लिहिला, मोठ्याने वाचला आणि सही केली.

भानुदास केशव पोरे

साक्षीदार:
१. शैलेंद्र काळसेकर, शेजारी
२. पद्मिनी काळसेकर, त्यांच्या पत्नी (वाचताना रडल्या, सही त्यामुळे हलली आहे)

प्लेनो, टेक्सास
९ जून १९९६