दुसऱ्या टोकाचा माणूस

हिवरवाडी, पालमजवळ
भाद्रपद वद्य ५, शके १८६३

चि. रायभान यास दत्तरावाचा आशीर्वाद. येथील क्षेम. तुझ्या खोकल्याचं कळव.

बिरोबाला दसऱ्याला पांघरायच्या घोंगडीचं सूत तयार आहे. बानूआक्कानं चार महिने बसून काळी लोकर कातली. म्हणाली, बोटं वळंनात, हे शेवटचं. सटवाजी यंदा माग मोडून लेकीकडं गेला. गावात आता आपलाच माग. उभ्या धाग्यांना चिंचोक्याची खळ द्यायला समोर माणूस नाही. कापसाच्या जिनिंगमधून चार दिवस सुटशील का? तुझ्या लाडक्या मेंढीला जुळी झाली.

लोभ आटू देऊ नकोस.
दत्तराव

सेलू
भाद्रपद वद्य १०

ती. दादांस रायभानचा शि. सा. नमस्कार. वि. वि. खोकला गेला, हंगाम लागला की येईल परत.

रजा अवघड आहे. दसऱ्याला यंत्रांची पूजा. मुकादम म्हणाला, त्याआधी गेलास तर परतू नको. इथं गिरणीची कांबळी लय मिळतात. बाजाराला आलेल्या आश्रुबासोबत एक पाठवतो. देव काय वीण मोजायलाय?

आक्काला दंडवत. रागावलात तरी लेकावर माया ठेवा.
रायभान

हिवरवाडी
भाद्रपद अमावास्या

चि. रायभानास आशीर्वाद. देव वीण मोजत नाही हे खरं. मी मोजतो. कांबळं मऊ आहे, आक्काला दिलं. ती म्हणाली, ह्याला मेंढराचा वासच न्हाई.

काल माझ्या हातून चूक झाली. एकट्यानंच खळ द्यायला घेतली. कुंचा फिरवत दुसऱ्या टोकाला पोचलो तोवर मागचे धागे वाळून कडक झाले होते. मागावर ताणताच तटातट तुटले. आपण दोघं दोन टोकांनी निघून मधे भेटायचो, ते काम लवकर उरकावं म्हणून, असं मी जन्मभर समजत आलो. आक्का गाठी मारत बसली. उरलेल्या सुतात उभ्या धाग्यांचा एकच ताणा बसेल. तोही गेला तर बिरोबा यंदा उघडा. शेजारचा मुंजाजी हौसेनं आला, पण तो पळतो. त्याचे माझे पाय जुळत नाहीत.

नोकरी सोड असं म्हणत नाही. मन मोकळं केलं, इतकंच.
दत्तराव

सेलू
आश्विन शुद्ध २

ती. दादांस शि. सा. नमस्कार. मुकादमाला सांगितलं की देवाचं काम आहे. म्हणाला, गावात दुसरा कुणी न्हाई का. न्हाई म्हणालो. जागा राहिली तर राहिली.

उद्याच्या गाडीनं गंगाखेडला उतरून पायी येतो. पत्र आधी पोचलं तर चिंचोके भिजत घाला. तुम्ही उगवतीचं टोक धरा, मी मावळतीकडून निघतो. दोन वर्षांत माझी चाल बदलली असेल. थोडं सावकाश या.

लोभ तिथं पोचल्यावर मागेन.
रायभान