तुझ्या नावाची मिल

प्रिय सृष्टी,

परवा फोनवर तू पगारातल्या कपातीवरून चिडलीस. इन्कम टॅक्स, पीएफ, वर हॉटेलात जेवलं तरी जीएसटी. मीही सुरात सूर मिसळला, सरकार माणसाला पिळून काढतं म्हणून तावातावानं बोललो. फोन ठेवल्यापासून मात्र विचार करतोय. खरं बोललो की खोटं, तेच कळेना.

आपल्या डाळ मिलचं तुला पुरतं कधी सांगितलंच नाही. वीस माणसं झाली की पीएफ भरावा लागतो, आपल्याकडं तीस. म्हणून मी कागदावर एकाच शेडच्या पंधरा-पंधरा माणसांच्या दोन मिल केल्या, एक माझी, एक तुझी. मधे भिंतसुद्धा नाही. तुला अठरा पूर्ण झाली तेव्हा मी सगळ्या अडत बाजारात पेढे वाटले होते ना? ते ह्या दुसऱ्या मिलचेही होते.

गडी खूशच होते गं. मलप्पा तर म्हणायचा, "मालक, कापून कशाला ठिवता? आजचं आज हातात द्या." त्याच्या कपातीबरोबर मालकानं भरायचा माझाही वाटा वाचत होता, हे मी त्याला कधी बोललो नाही. तुला सायकलवर शाळेत सोडायचा तोच मलप्पा.

दिवाळीनंतर तुरीचं पोतं उतरवता उतरवता तो खाली बसला, तो उठलाच नाही. पंधरा दिवसांनी त्याची बायको कमलम्मा आली. भांडली नाही. "मालक, ह्यांच्या नावावर कुठं काय हाय का?" एवढंच विचारलं. त्याचा पीएफ भरत आलो असतो तर तिला पेन्शन लागली असती. मी तिला चहा घे म्हणालो. लाज वाटली मला. पण दुष्काळाच्या दोन वर्षांत सगळं भरलं असतं, तर मिल तेव्हाच बंद पडली असती आणि मलप्पा घरी बसला असता, हेही खरंच आहे. मग चुकलं कुणाचं?

आता पीएफ ऑफिसचं पत्र आलंय, मलप्पा तुमचा कामगार होता का म्हणून. तो तुझ्या मिलमध्ये धरलेला, म्हणून पत्र तुझ्या नावानं. अकाउंटंटनं दोन उत्तरं करून दिलीत. एकात मलप्पा आपला कुणीच नाही. दुसऱ्यात दोन्ही मिल एकच. मग मागचं सगळं दंडासकट भरायचं, मिल राहील की नाही सांगता येत नाही. आजवर तुझ्या सह्या मीच करत आलो, तुला न विचारता. काल पहिल्या कागदावर करायला बसलो, 'सृ' काढला आणि हात पुढं सरकेना. दोन्ही कागद सोबत आहेत. मालकीण तू आहेस, सही तूच कर. पहिल्यावरचा तो अर्धवट 'सृ' माझा आहे, तो धरू नकोस.

तुझाच,
अप्पा