फाटकाची राखण

११ मे १९३७

काल डेरीनाब्रोन या ओसाड गावी आलो. समुद्रकाठच्या खडकांत सत्तेचाळीस वर्षं बटाटे काढले, आता सरकारने ही बत्तीस एकर जमीन दिली आहे. पहिल्यांदाच पायाखाली दगड नाही, माती आहे. सबिना गाडीतून उतरली ती थेट विहिरीवर गेली, ओंजळीने पाणी प्यायली आणि हसली. लग्नाला बावीस वर्षं झाल्यावर तिला दिवस गेले आहेत, सातवा चालू आहे. देवाची कृपा, दुसरं काय म्हणू? दाराच्या चौकटीला पवित्र पाण्याची वाटी टांगली, मग बाकीचं सामान लावलं.

१४ मे

आज पेन्सिलीने मौज्याचा नकाशा काढला. उत्तरेला जळणाची माती कापायची दलदल, पूर्वेला ओढा आणि तीच शीव, पश्चिमेला काटेरी झाडांची टेकडी. खाजकुयलीत अकरा घरांचे चौथरे मोजले. दुष्काळाच्या सालात सगळी रिकामी झाली. ओढ्यापलीकडचा शेजारी, मालाची टार्पी त्याचं नाव, शीव दाखवायला आला होता. म्हणाला, "फेस्टी, तुझी मजा आहे लेका. पाप करायला इथे दुसरा माणूसच नाही. मेलास की थेट स्वर्गात!"

१९ मे

टेकडीच्या पायथ्याशी एक गोल दगडी गडगा आहे, छातीइतका उंच. आत जायला वाट नाही. एके ठिकाणी खिंडार होतं, ते कोणीतरी नीट बुजवलेलं दिसतं. आत गवतात बिननावाचे दगड, दुष्काळातल्या मयतांचे. तापाने गेलेली माणसं. नव्वद वर्षांत त्यांच्यापाशी गुडघे टेकायला कोणी आलं नसेल, याचं फार वाईट वाटलं. दोन दिवस खपून खिंडार मोकळं केलं, लाकडी फाटक बसवलं, आत बसून जपमाळ म्हटली. सबिना म्हणाली, "मेलेल्यांचं झालं असेल तर येणाऱ्याचा पाळणा घ्या हाती."

२३ मे

दारावरची वाटी कोरडी. पुन्हा भरली, संध्याकाळी पुन्हा कोरडी. पंधरा दिवस पाऊस नाही, वारा सुटलाय, म्हणून असेल. पण सकाळी भरलेल्या दोन बादल्या दुपारी रिकाम्या होत्या. जमीन कुठे ओली नाही.

२७ मे

मालाचीने आज फाटक पाहिलं. टोपी काढून उभाच राहिला. मला म्हणाला, हे कोणी सांगितलं होतं तुला?

मग बोलला. जो शेवटचा पुरला जातो त्याने फाटक राखायचं, आणि पुढचा येईपर्यंत आतल्यांना पाणी पुरवायचं. हे मला ठाऊक होतं! आमच्या गावी एका दिवशी दोन मयती निघाल्या तर आपला माणूस मागे राहू नये म्हणून आम्ही शवपेटी घेऊन धावायचो. इथली शेवटची उना मॅनियन, एक विधवा. मालाचीच्या आजोबांनी तिला पुरलं. तिच्यानंतर मरायला कोणी उरलंच नाही.

"बाईचे हाल बघवेनात म्हणून आजोबांनी खिंडार बुजवलं. फाटक नाही तर राखण नाही. झोपली होती बिचारी. आणि तू, शहाण्या, तिला कामाला लावलीस!"

फाटक काढलं. खिंडार बुजवलं. हात सोलले.

२८ मे

दगड बाजूला रचून ठेवलेले. फाटक जागेवर.

तापाने गेलेली माणसं. त्यांना किती तहान असेल.

मालाचीला विचारलं, आता तिथे पुढचं कोण? त्याने आमच्या घराकडे पाहिलं, टोपी घातली आणि गेला. मला कळलं. बाप्तिस्म्याविना गेलेलं मूल चर्चच्या आवारात घेत नाहीत. ते अशाच जागी जातं.

२ जून, सकाळ

सबिनाला कळा लागल्या. अजून सहा आठवडे होते. सुईण डेलिया आली आहे. म्हणते, मूल तासभरही टिकेल की नाही सांगता येत नाही. फादर पोचणार नाहीत, तुम्हीच पाणी ओता आणि नाव ठेवा. बाप्तिस्म्याचे शब्द मला पाठ आहेत.

विहिरीत चिखल, ओढाही आटलेला. सबिनाच्या उशाखालची पवित्र पाण्याची बाटली रिकामी. बूच तसंच घट्ट आहे.

दुपार

मालाची त्याच्या विहिरीचं पाणी घेऊन धावतोय. ओढ्यापर्यंत बादली भरलेली. ओढा ओलांडला की रिकामी. तीनदा. शिव्या देतोय आणि रडतोय. डेलिया म्हणाली, दूध चालेल का? नाही चालत. पाणीच लागतं.

मुलगा झाला. निळा आहे. श्वास —

फाटकापाशी

उना भर उन्हात उभी आहे. शाल, खाली गेलेले खांदे, हातात काठोकाठ भरलेली बादली. रागावलेली नाही. दमली आहे, फक्त दमली आहे. माझ्याकडे बघतच नाही, माझ्यामागे घराकडे बघते आहे.

म्हटलं, आजी, तो नको. एवढीशी बोटं आहेत त्याची, बादली कशी उचलेल? मी येतो.

तिने बादली पुढे केली —

घरी

ओतलं. नाव मालाची ठेवलं. रडला! केवढ्याने रडला! लाल झाला. सबिना विचारत होती, कुठे निघालात? म्हटलं, बादली परत द्यायची आहे.

देवा, त्यांना सांभाळ.

फाटकापाशी

ती नाही. फाटक मागे आपोआप लागलं.

ओढ्यापलीकडून मालाची मला हाका मारतोय. मी समोर उभा आहे. तो इथेच बघतोय, आणि हाका मारतोय —

बादली भरली आहे. जड आहे. गवत हलतंय — गवतातून हात — अकरा घरं, म्हणजे किती माणसं — सगळ्यांना एकदमच — आधी कोणाला —