टेबलावरचा फोन ठेवू नकोस

वेंडेल,

टेबलावरचा फोन चालू आहे, तो ठेवू नकोस. सकाळी आठपासून बेकारी भत्त्याच्या ऑफिसला लावून बसले होते, अजून नुसतं होल्डवरचं तेच गाणं वाजतंय. शाळेच्या स्वयंपाकघरात माझी पाळी आहे, म्हणून निघाले.

तुझा भत्ता का अडकला ते त्यांच्या पत्रात आहे. आठवड्याच्या फॉर्मवर 'काम केलं का' याला तू 'हो' म्हणालास आणि मालक म्हणून फादर कुबियाकांचं नाव टाकलंस. अरे, लेंटच्या उपासात शुक्रवारी चर्चमध्ये सगळ्यांसाठी मासे तळले, ही काय नोकरी झाली? वर मोबदला म्हणून एक प्लेट मासे, तेही लिहिलंस. आता त्या बिचाऱ्या म्हाताऱ्याकडे तुझ्या पगाराचे कागद मागतायत.

तेवीस वर्षं पेपर मिलमध्ये राबलास. त्यांनी एका चिठोऱ्यावर घरी बसवलं, तेव्हा त्यांना कोणी जाब विचारला नाही. तुला मात्र एका प्लेटीचा विचारतात.

ऑफिसातली बाई फोनवर आली की झालं ते सगळं सांग. फक्त माफी मागू नकोस. काल झोपेतसुद्धा मागत होतास.

नोरीन