पेपरामागचा नवरा

मंगळवार, ३ मार्च

मिळालं! काम मिळालं! टेलिव्हिजनवर! आणि कुणाला सांगायची सोय नाही.

झालं असं — बुधवारच्या कौटुंबिक मालिकेत नवऱ्याचं काम करणारे थोर नट (आम्ही त्यांना थोरले म्हणतो) चौथ्या भागाआधी भांडून निघून गेले. खुर्ची मऊ नव्हती म्हणे. मालिका थेट जाते, उद्या संध्याकाळी सातला नवरा हवाच. दिग्दर्शकाने मला बसवलं, माझे हात उलटेपालटे करून बघितले. म्हणाला, "हात जुळतायत. तोंडासमोर पेपर धरायचा. बास." पाटीवर नाव थोरल्यांचंच राहणार. सही घेतली — घरीसुद्धा बोलायचं नाही. घरी सांगायचं, स्टुडिओत खुर्च्या मांडतो.

सतरा सिनेमांत मी गर्दी होतो. आता निदान एकटा तरी आहे.

बुधवार, ४ मार्च

बावीस मिनिटं पेपर. संवाद एकच — "हं." आवाज ओळखू येईल म्हणून बाकीचे कापले. बायको झालेल्या बाई रडल्या, भांडल्या, बॅग भरून निघाल्या, दारातून परत आल्या. मी हं.

घरी आलो तर बाबा खुशीत! इमारतीतला एकुलता एक टेलिव्हिजन संच शेजारच्या वकिलांकडे, तिथे बघून आलेले. म्हणाले, "त्या नवऱ्याने काम केलं बघ आज! याला म्हणतात नट."

"काय केलं त्याने?"

"हं म्हणाला. थेंब जास्त नाही, थेंब कमी नाही."

चाळीस वर्षं दवाखान्यात औषधं मोजून दिली, त्यांचं कौतुक थेंबांतच असतं. मग माझ्याकडे वळून — "नाहीतर तू! खुर्च्याच मांडतोस ना तिथे?"

बँक सोडल्यापासून माझ्या एकाही कामाला त्यांनी बरं म्हटलेलं नाही. आज म्हटलं, तर ते माझं नाही!

बुधवार, ११ मार्च

नाकावर माशी. सोळा मिनिटं. दोन्ही हात पेपरात.

शुक्रवार, २० मार्च

लेखकाने पाच प्रकारचे हं लिहून आणले. संशयाचा, होकाराचा, चहा गार झाल्याचा, सासऱ्यांचं पत्र आल्याचा, आणि एक नुसताच. नुसत्यावर दोन तास तालीम. दिग्दर्शक ओरडतोय, "यात मला तुझं बालपण ऐकू येतंय, ते नकोय!"

पेपर पहिल्या दिवसापासून तोच. सामान सांभाळणारे काका दर बुधवारी त्याला इस्त्री करतात. एका निधनवार्तेतल्या गृहस्थांचे सगळे नातेवाईक मला नावानिशी पाठ झालेत. भेटायला जावंसं वाटतं.

बुधवार, २५ मार्च

पत्रांचा ढीग. सगळी थोरल्यांना! एक बाई लिहितात, "आमचे हे अगदी असेच आहेत. तुम्ही यांना कुठे भेटलात?"

बाबा जेवताना म्हणाले, "त्या माणसाकडून शिक काहीतरी." कुणाकडून शिकू?

सोमवार, ३० मार्च

थोरल्यांचा सत्कार झाला. पेपरासाठी! मानपत्र घेऊन म्हणाले, "या भूमिकेसाठी मी दोन वर्षं फक्त पेपर वाचला." शेवटच्या रांगेत बसून मीही टाळ्या वाजवल्या. लाज कशी वाटली नाही — त्यांना आणि मलाही.

आता त्यांना भूमिका परत हवी आहे. आयत्या बिळावर नागोबा! मऊ खुर्ची मागवली. दिग्दर्शक खाली बघत म्हणाला, "आठ तारीख तुझी शेवटची."

मंगळवार, ७ एप्रिल

ठरलं. उद्या पेपर खाली घेणार. थेट आहे, कापणार कोण? पुन्हा कुणी दारात उभं करणार नाही, न करो. ज्याला बाबा नट म्हणतात तो कोण, हे एकदा त्यांनी बघावं. एवढंच हवंय मला.

बुधवार, ८ एप्रिल

नाही घेतला. गाढव! गाढव!!

बाई म्हणाल्या, "मी नसले तर कळेल तरी का तुम्हाला?" इथेच घ्यायचा होता. हात निघालेही. आणि तोंडून हं गेला — पाचांतला नव्हे, कुठला कोण जाणे. बाई पुढचं वाक्य विसरल्या. इस्त्रीवाले काका डोळे पुसायला लागले. मी आपला ती शांतता ऐकत बसलो, आणि दिवे बंद झाले!

बाबा वकिलांकडून आले. पहिल्यांदाच काही बोलले नाहीत. पाणी पिऊन खिडकीपाशी बसले. तो हं त्यांना आवडला नसावा.

बुधवार, १५ एप्रिल

मऊ खुर्चीत थोरले. मला सुट्टी आहे असं घरी सांगितलं.

बाबा सात वाजता वकिलांकडे गेले आणि सात दहाला परत आले.

"संपलं एवढ्यात?"

"नाही. तो पेपर वाचत होता."

"बाबा, केवढा मोठा नट आहे तो!" शेवटी मीच त्याची बाजू घेतली! बाबांनी चपला जागेवर ठेवल्या आणि आत गेले.

गुरुवार, १६ एप्रिल

सकाळी दाढी करत होतो. बाबा मागे येऊन उभे राहिले. मग हळूच म्हणाले, "तुला काढलं का रे?"